निळ्या कमळाचं बी

सुनेने माझ्या मोबाईलमध्ये शेतीचा गेम टाकून दिला, तो मी तिला दिवसभर हाका मारू नयेत म्हणून. लॉकडाऊनचे दिवस होते. अड्याळचा बाजार बंद, आमच्या किराणा दुकानाचं शटर अर्धं खाली, आणि मी या खोलीतून त्या खोलीत उगाच खेकसत फिरत होते. "आई, हे घ्या, गहू पेरा," ती म्हणाली. मी म्हटलं, "गहू कायले? धान नाही का यात?" धान नव्हतं. कुठल्यातरी परदेशी माणसांनी बनवलेली शेती ती. गहू, मका, गाजरं आणि गुबगुबीत गायी. चिखल नाही, बांध नाही, भातलावणीचा रोवणा नाही. बोट फिरवलं की पेरणी झाली, बोट फिरवलं की कापणी. धानाच्या मुलखातल्या बाईने असल्या शेतीला नाक मुरडायला हवं होतं. मी मुरडलंही. आणि आठव्या दिवशी सकाळी चहा ठेवायच्या आधी गाजरं काढायला बसले.

मग मी बाईला ओढलं. बाई म्हणजे माझी मोठी बहीण. आम्ही दोघीच, भाऊ नाही. तिचं सासर नाकाडोंगरीला, माझं अड्याळला. जिल्हा एकच, पण जायचं म्हटलं तर आधी भंडारा गाठा, मग तुमसर, मग तिथून मिळेल ती गाडी. जाऊन-येऊन दिवस मोडतो, म्हणून आम्ही लग्नाकार्यातच भेटायचो. गेममध्ये मात्र तिच्या नावावर बोट दाबलं की मी थेट तिच्या वावरात. ती माझ्या गायींना चारा घालून जायची, मी तिच्या सुकलेल्या झाडांना पाणी घालून यायचे. सकाळी उठून पाहावं तर कोंबड्यांच्या खुराड्यापाशी तिचा छोटासा फोटो लागलेला असायचा, म्हणजे ती येऊन गेली. माहेर संपल्यावर इतकं रोजचं येणं-जाणं आमच्यात कधी राहिलं नव्हतं. मला तेव्हा त्याची किंमत कळली नाही, हे आधीच सांगून टाकते.

आमच्या दोघींची वावरं पाहिली असती तर आमचे स्वभाव वेगळे सांगायची गरज पडली नसती. माझ्या वावरात पाय ठेवायला जागा नव्हती. इंच इंच लावलेला, कारखाने एकाला एक खेटून, आणि माल तयार झाला की लगेच रस्त्याकाठच्या टपरीवर विक्रीला. पडून राहिलेली वस्तू मला बघवतच नाही. बाईचं वावर तिच्यासारखंच, सैल. वरच्या बाजूला मोठा तलाव, त्याच्या खाली जमिनीची एक लांबट पट्टी तशीच रिकामी, पट्टीच्या कोपऱ्यावर एकच डेरेदार झाड. बाकीचं सगळं तिने एका बाजूला दाटीवाटीने कोंबलं होतं.

"अवं बाई, ते पट्टी रिकामी काहून ठेवली? मका लाव ना तिथं," मी फोनवर म्हणायचे.

"राहू दे."

"जागा वाया जाऊन राहिली ना वं."

"जाऊ दे वाया. माही हाये."

आता त्या निळ्या कमळाच्या बीबद्दल सांगते, कारण सगळं त्यावरच अडलं. हे बी गेममध्ये विकत मिळायचं नाही. कापणी करता करता कधीतरी पिकातून अवचित निघायचं. कोणाला वर्षात एकदा, कोणाला कधीच नाही. ते विकलं तर एवढी नाणी मिळायची की त्यात पाणचक्की यावी. ठेवलं तर आधीच भरलेल्या कोठारात जागा अडवून बसायचं. आणि तलावात लावलं तर सात दिवसांनी कमळ फुलायचं नि कायमचं राहायचं, पण त्यातून एक दमडी निघायची नाही. नुसती शोभा. गेम खेळणारी शहाणी माणसं ते विकून मोकळी व्हायची. बाईला ते हवं होतं. "आपल्या तलावात होते ना तसे," ती म्हणायची. आमचं माहेर करडी गावाच्या पलीकडे. तिथल्या तलावात आमच्या लहानपणी कमळं असायची, आता नुसतं बेशरमाचं रान माजलं आहे. तिला कमळाची एवढी ओढ होती, आणि इतक्या कापण्या करूनही तिला बी काही मिळेना.

ते मिळालं मला. मक्याच्या कापणीत. मी दुकानाच्या गल्ल्यावर बसले होते, पटकन उठून उभीच राहिले. समोरच्या गिऱ्हाइकाला वाटलं, विंचूबिंचू दिसला.

बाईला लगेच फोन केला. "बाई, निंगालं! तुह्यं कमळ निंगालं!"

इथे बाबांचा कायदा सांगावा लागेल. बाबा म्हणायचे, बी विकायचं नाही आणि फुकटही द्यायचं नाही. कोणी बियाला धान मागायला आलं की त्याने आपल्या घरचं काहीतरी आणायचं, लाखोळी, तूर, तांदूळ, मूठभर का होईना. ते घ्यायचं आणि मग बी द्यायचं. फुकट दिलं तर देणाऱ्याच्या वावरातलं बळ त्याच्यासोबत निघून जातं, आणि विकलं तर मग बी आणि बाजारातलं धान यात फरक काय राहिला? आम्ही दोघी पोरी दारात उभ्या राहून ही मुठींची देवाणघेवाण बघत मोठ्या झालो.

गेममध्ये कोणालाही काही हातात देता येत नव्हतं. टपरीवर ठेवायचं, किंमत लावायची आणि समोरच्याने उचलायचं. सून म्हणाली, "आई, सगळ्यात जास्त किंमत लावा. मावशींशिवाय कोणी हात लावणार नाही. नंतर दुसऱ्या वस्तू देऊन फेडा." पण सख्ख्या बहिणीला बी द्यायचं आणि वर पाणचक्कीची किंमत लावायची? माझा हातच होईना. मी कमीत कमी किंमत लावली, एक नाणं. माझ्या हिशेबी ती बाईची मूठ होती.

"ठेवलं वं, घे लवकर," मी फोनवर म्हटलं.

"थांब, दूध उतू चाललं, चुलीवरून उतरवतो अन् घेतो."

दूध उतरवायला किती वेळ लागतो? तेवढ्यात जगाच्या कुठल्यातरी कोपऱ्यातून कोणीतरी येऊन ते बी उचलून नेलं. एका नाण्यात. टपरीवर 'विकलं' अशी पाटी लागली. 

बाई फोनवर परत आली. तिनेही पाटी पाहिली. टपरीवर गेलेल्या मालाची किंमत घेणाऱ्याला आणि विकणाऱ्यालाच दिसायची, तिसऱ्याला नाही. मी एक नाणं लावलं होतं म्हणून सांगितलं. ती म्हणाली, "एक नान्यात कोनी देते का वं असी वस्तू?" आणि माझं नशीब असं की, त्याच सकाळी, बी निघायच्या आधी, मी दोन महिने साठवलेल्या नाण्यांतून पाणचक्की घेतली होती. बाईला तिची पाती माझ्या वावरात फिरताना दिसत होती.

"चक्की घेतलीस," ती म्हणाली.

"अवं, ते सकाळीच घेतली मी."

 मग अगदी शांतपणे ती म्हणाली, "तुले विकाची सवयच हाये, लहाने."

हे वाक्य गेमबद्दल नव्हतं. आम्हा दोघींनाही ते माहीत होतं.

बाबा गेल्यावर माहेरी एक बांधी उरली होती. बांधी म्हणजे चारी बाजूंनी बांध घातलेला धानाचा तुकडा. आमची बांधी तलावाच्या पाळीला, म्हणजे मातीच्या बांधाला, लागून होती. बाई म्हणत होती, ठेवू. कोणाला तरी करायला देऊ, येईल तेवढं धान अर्धं अर्धं खाऊ. मला ती विकायची होती. माझा मुलगा नागपूरला शिकायला जाणार होता, आणि खरं सांगायचं तर ते एक कारण होतं, दुसरं माझा स्वभाव. तू तिकडे, मी इकडे, बघणार कोण, बांध कोणी सरकवला तर भांडणार कोण, असं मी चार महिने तिचं डोकं खाल्लं. शेवटी तिने सही केली.  कचेरीबाहेर आल्यावर तिने चहाच्या टपरीवर पाणी मागितलं, दोन ग्लास प्याली आणि तुमसरच्या गाडीत बसली. मी तेव्हा सुटकेचा श्वास सोडला होता.

आणि आता आठ-नऊ वर्षांनी तिने ते तोंडावर मारलं. मी चूक होते म्हणूनच मला जास्त झोंबलं. मी म्हटलं, "हो, विकतो मी! तुह्यासारखं सारं उराशी धरून बसत नाही!" आणि फोन ठेवला.

दुसऱ्या दिवशी कोंबड्यांपाशी तिचा फोटो नव्हता. तिसऱ्या दिवशीही नव्हता. मीही तिच्या वावरात गेले नाही. नाकावर राग आमच्या घराण्यातच आहे. बरं, आमचं बोलणं तुटलं असंही नाही. नात्यातल्या एका लग्नात भेटलो. "जेवलीस का?" "जेवली." "घरचे बरे हायेत?" "बरे हायेत." तिने माझ्या पानात जिलेबी वाढली, मी तिच्या पानात वाढली. कचाकचा भांडलो असतो तर परवडलं असतं.

त्यानंतर वर्षभराने मला दुसरं बी मिळालं. पुन्हा मक्यातच. यावेळी मी उभी राहिले नाही. मोबाईल पदराखाली धरून बसून राहिले. ज्याला फोन करावा ते माणूस होतं, नंबर होता, आणि बोट काही चालेना. काय म्हणणार होते मी? बघ बाई, यावेळी मी विकलं नाही? मग तीच म्हणणार, अजून तं विकलं नाहीस.

मी ते ठेवून दिलं. आयुष्यात पहिल्यांदा एखादी वस्तू मी नुसती ठेवली. गेममधले अनोळखी शेजारी मागायचे, वाट्टेल ती किंमत द्यायला तयार असायचे. कोठार सदा भरलेलं. नवा माल ठेवायला जागा नसायची. सून म्हणायची, "आई, विका ना आता ते. दहा पोती गव्हाची जागा अडवून बसलंय." मी म्हणायचे, "बसू दे." रोज सकाळी मी कोठार उघडायचे, ते निळं बी तिथे आहे की नाही पाहायचे आणि बंद करायचे. आमचे हे म्हणाले, देवपूजा तरी एवढी नेमाने करत जा. त्यांना काय सांगू? मला बाईची फार आठवण यायची. म्हातारपणी बहिणीशिवाय माझं लहानपण कोणाला माहीत होतं? तलावाच्या पाळीवरून मी घसरून पडले होते, बाबांनी मारू नये म्हणून तिने माझं चिखलाचं झंपर स्वतः घातलं होतं आणि मार खाल्ला होता. हे जगात दोनच माणसांना ठाऊक, आणि ती दोन माणसं लग्नात जिलेबी वाढून घरी जात होती.

बी दीड वर्ष कोठारात राहिलं. मग यंदाच्या उन्हाळ्यात, मे महिन्यात, गेम उघडला तर पाटी आली. हा गेम महिनाअखेरीस कायमचा बंद होणार. बारा दिवस उरले होते.

दोन दिवसांत सगळ्यांनी टपऱ्या ओतल्या. ज्या वस्तूंसाठी लोक वर्षवर्ष झुरले, त्या कवडीमोलाने पडल्या होत्या आणि घ्यायला कोणी नव्हतं. मग लोक येईनासेच झाले. मी आणखी तीन दिवस धुसफुसत काढले. सहाव्या दिवशी दुपारी, कूलर घरघरत होता, घरातले सगळे आडवे झाले होते, मी बाईच्या नावावर बोट दाबलं.

तिचं वावर तसंच होतं. गेममधली झाडं सुकतात, पण पीक वाळत नाही, सडत नाही. अडीच वर्षांपूर्वी पिकलेला गहू तसाच उभा होता, कापणाऱ्याची वाट बघत. मी तिची सुकलेली झाडं शोधून पाणी घातलं. आणि मग ती रिकामी पट्टी पुन्हा नजरेला पडली. वर तलाव. तलावाची पाळ. पाळीला लागून लांबट पट्टी. तिच्या चारी बाजूंनी दगडांची बारीक ओळ, जी मला इतके दिवस नुसती सजावट वाटली होती. आणि खालच्या कोपऱ्यात एकच डेरेदार झाड, जिथे आमच्या बांधीवर मोहाचं झाड होतं.

ती आमची बांधी होती. मी ती कधी वरून पाहिलीच नव्हती, बांधावर उभं राहूनच पाहिली होती. म्हणून ओळखली नाही. का मला मोकळी जमीन दिसली की नुसती मोकळी जमीनच दिसते, म्हणून ओळखली नाही, देव जाणे. आणि तलावाच्या मधोमध तिने एवढीशी जागा मोकळी ठेवली होती. कमळापुरती.

मी तिथेच, कूलरसमोर, हुंदके देऊन रडले. मग फोन लावला.

"बाई, बी हाये माह्याजवळ. कमळाचं."

"कोणतं बी?"

"दुसरं निंगालं होतं. ठेवलं तुह्यासाठी."

"कवापासून?"

"दीड साल झालं."

  ती म्हणाली, "ठेव. परवा येतो घ्याले."

गेममधली वस्तू घ्यायला कोणी तीन गाड्या बदलून येतं का? पण मी म्हटलं नाही. ती आली, भर उन्हात, डोक्याला ओला दुपट्टा बांधून. केस पार पांढरे झालेले. पाणी प्याली, पाय धुतले, आणि पिशवीतून कापडाची एक पुरचुंडी काढून माझ्या हातावर ठेवली.

"हे घे आधी."

सोडून पाहिलं तर मूठभर धान. "कायचं हाये?"

"बाबाच्या बांधीतलं."

ज्या वर्षी आम्ही बांधी विकली, त्या वर्षीच्या चुरण्याला, म्हणजे धानाच्या मळणीला, ती एकटी माहेरी गेली होती. ज्याने बांधी घेतली त्याच्याकडे बाबांच्याच बियाचं धान होतं. तिने आपल्या घरचे तांदूळ त्याला दिले आणि बदल्यात पायलीभर बी मागून नेलं. तेव्हापासून दरवर्षी ती सासरच्या वावराच्या एका कोपऱ्यात ते वेगळं लावत होती, वेगळं कापत होती. मला कधी सांगितलं नाही. आमच्यासारख्या हट्टी बायांत सांगायची पद्धतच नाही.

"मले कायले देतेस वं?" मी म्हटलं.  "मी तं विकलं होतं."

"मंग तुह्यं कमळ फुकट घेऊ का?"

सुनेने दोन्ही मोबाईल शेजारी शेजारी ठेवले. मी बी टपरीवर ठेवलं. किंमत एक नाणं. बाईला चष्मा सापडेना. माझा जीव टांगणीला लागला, पुन्हा कोणी उचललं तर? तिने पिशवी उपसली, चष्मा शोधला, पदराने पुसला, डोळ्यांवर चढवला. पाच मिनिटं तरी गेली असतील. कोणीच आलं नाही. सगळे कधीचे निघून गेले होते. बी टपरीवर एकटंच आमची वाट बघत होतं.

तिने ते उचललं आणि तलावाच्या मधोमध लावलं. फुलायला सात दिवस. गेम संपायला चार. लवकर फुलवायला हिरे लागायचे, ते आमच्या दोघींकडे नव्हते, आणि बंद होणाऱ्या गेममध्ये नवे मिळत नव्हते. चौथ्या दिवसापर्यंत एक पान वर आलं होतं, बशीएवढं. आम्ही दोघी, ती तिकडे आणि मी इकडे, फोन कानाला लावून ते बघत होतो. मग पडदा कोरा झाला, आणि त्याबरोबर तलाव, पाळ, बांधी, मोह, सगळंच गेलं.

जाताना बाईने बजावलं होतं, "ठेवून नोको देजो ते बी. ठेवलं तं मरते. दरसाल लावा लागते."

कुठे लावू? आमच्याकडे जमीन नाही, घरामागे फरशी आहे. न्हाणीजवळ सिमेंटचा एक फुटका हौद पडला होता. त्याचं भोक बुजवलं, दोन टोपल्या तलावातली माती आणवली, चिखल केला. मृगानंतर बी टाकलं, पऱ्ह्याची रोपं वीतभर झाल्यावर उपटून पुन्हा रोवली. पन्नाशी उलटलेल्या बाईने हौदात वाकून रोवणा केला, आणि शेजारणींनी भिंतीवरून माना काढून बघितला. बघू द्या.

मागच्या आठवड्यात कपडे वाळत घालायला गच्चीवर गेले होते. सहज खाली नजर गेली. चारी बाजूंनी सिमेंटची कड, आत पाणी, पाण्यात हिरवं धान. वरून ती बांधीच दिसत होती. ओले कपडे बादलीत तसेच टाकून मी कठड्याला टेकले आणि बाईला फोन लावला.

"बाई, आपली बांधी विकाले नाही पाह्यजे होती मी."

 ती म्हणाली, "पानी आटू नोको देजो."